अक्षराचे दिसणे आणि अक्षराचे असणे

वकिलाकडे माणसे वाटणीचे, भाडेकरूचे, वारसाहक्काचे प्रश्न घेऊन येतात, हे रीतीला धरूनच आहे. परंतु हैदराबादेत वकिली करीत असता मराठीच्या कामाला थोडाफार वेळ देणाऱ्या माझ्यासारख्याकडे गेल्या काही वर्षांत आणखी एका जातीचे प्रश्न येऊ लागले आहेत. लग्नपत्रिकेत ‘कऱ्हाडे’ हे आडनाव का मोडते? फोटोशॉपमध्ये वेलांटी अक्षराच्या मागे का जाऊन बसते? पीडीएफमधला मजकूर उचलून दुसरीकडे ठेवला की त्याची इंग्रजी खिचडी का होते? पडद्यावर तेजस्वी दिसणारा भगवा फलकावर उतरला की विटकरी का पडतो? प्रश्न विचारणारे कधी भालकीचे असतात, कधी औरादचे, कधी आदिलाबादचे, तर कधी इथल्याच सुलतान बाजार किंवा काचीगुड्यातले. कुणाला गणेशोत्सवाचा फलक करायचा असतो, कुणाला वडिलांच्या लेखांचे पुस्तक, कुणाला जिल्हाधिकाऱ्यांना द्यावयाचे निवेदन.

हे प्रश्न कायद्याच्या पुस्तकात नाहीत. तरीही ते माझ्याकडे येतात, याचे कारण सरळ आहे. पुण्यात किंवा नाशकात पत्रिका चुकली तर अक्षरजुळणी करणाराच ती दुरुस्त करतो, कारण मराठी ही त्याच्या डोळ्यांची भाषा असते. सीमेच्या अलीकडे तसे नाही. छत्ता बाजारातल्या दुकानात संगणकावर बसलेला मुलगा तेलुगू वा उर्दू उत्तम जाणतो, हिंदी कामापुरती जाणतो. मराठी मात्र त्याला ठाऊक नसते, आणि त्यात त्याचा काही दोष नाही. तेव्हा चूक ओळखणारा डोळा एकच उरतो, आणि तो आपला. म्हणून या विषयाची चार पायाभूत सूत्रे आपणांस ठाऊक असली पाहिजेत, असे मला वाटते.

या शहराने मराठी अक्षर पूर्वी पाहिलेले नाही, असे मुळीच नाही. निजामाच्या राज्यात १९१८ पासून निघालेल्या कागदी नोटांवर उर्दू व इंग्रजीबरोबर तेलुगू, मराठी आणि कानडी या भाषांतही मूल्य छापलेले असे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ‘निजाम विजय’ हे मराठी पत्र इथूनच निघे. शिशाचे खिळे हाताने जुळवून, गॅली बांधून, ओले प्रूफ वाचून इथे मराठी छापली गेली आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले. मराठवाडा मुंबई राज्यात गेला, बीदर, गुलबर्गा, रायचूर म्हैसूर राज्यात गेले, आणि तेलंगण आंध्रात. भालकी एका राज्यात आणि उदगीर दुसऱ्या राज्यात, असा संसार वाटला गेला. माणसे जिथे होती तिथेच राहिली. त्यांची भाषा मात्र अल्पसंख्याकांची झाली. मराठी जुळवणारे हातही हळूहळू कमी झाले. मराठी साहित्य परिषदेच्या ‘पंचधारा’सारखे नियतकालिक हैदराबादेतून चालत राहिले, ही या पार्श्वभूमीवर लहान गोष्ट नव्हे.

आता मूळ विषयाकडे येतो. संगणकावरील अक्षराला दोन अंगे आहेत. एक त्याचे दिसणे, म्हणजे पडद्यावर वा कागदावर उमटणारी आकृती. दुसरे त्याचे असणे, म्हणजे संगणकाच्या स्मृतीत ते कोणत्या सांकेतिक क्रमांकाने साठवले आहे ती नोंद. आपल्याला भेडसावणारे बहुतेक प्रश्न या दोन अंगांची गल्लत झाल्यामुळे निर्माण होतात. माझ्या व्यवसायाच्या भाषेत सांगायचे तर ताबा आणि मालकी यांत जो भेद आहे, तसाच काहीसा हा आहे. जमीन कसताना दिसणारा माणूस तिचा मालक असेलच असे नाही.

‘कृतिदेव’ या जुन्या फाँटाचे उदाहरण घ्या. त्यात ‘मराठी’ हा शब्द टंकला तर पडद्यावर तो सुबक देवनागरीत दिसतो. परंतु संगणकाने प्रत्यक्षात साठवलेली असतात इंग्रजीतील पाच अक्षरे: ई, जे, के, मोठ्या लिपीतील बी आणि एच. इंग्रजी अक्षरांच्या जागांवर देवनागरीचे तुकडे बसवून हा फाँट तयार केलेला आहे. ज्या काळात एका फाँटात जेमतेम २५६ जागा मिळत, त्या काळात ही युक्ती मोठीच होती. तिच्यामुळेच मराठी छपाई संगणकावर आली, हे कृतज्ञतेने सांगितले पाहिजे. पण ते चित्र आहे, लेखन नव्हे. तोच फाँट समोरच्या यंत्रावर नसला, की मुखवटा गळून पडतो आणि खालची इंग्रजी खिचडी दिसू लागते. पीडीएफमधून उचललेला मजकूर बिघडतो तो बहुधा याच कारणाने.

याउलट युनिकोडमध्ये, ज्याची पहिली आवृत्ती १९९१ मध्ये निघाली, प्रत्येक भारतीय वर्णाला स्वतःचा कायम क्रमांक आहे. तिथे ‘म’ हा ‘म’ म्हणूनच साठवला जातो, फाँट कोणताही असो. फाँट हा केवळ पोशाख. माणूस तोच राहतो. आज गूगलचा ‘नोटो’, एक टाइप या संस्थेचे ‘मुक्त’ आणि ‘बलू’, राज्य मराठी विकास संस्थेचे ‘यशोमुद्रा’ व ‘यशोवेणु’ असे चांगले युनिकोड फाँट विनामूल्य मिळतात. विंडोजमधल्या ज्या ‘मंगल’ फाँटावर पुष्कळांचे मराठी टंकन सुरू झाले, त्याचे आरेखन र. कृ. जोशी या मराठी अक्षरकारांनी केलेले आहे. फाँट महाग म्हणून जुनाच वापरतो, हा बचाव आता टिकणारा नाही.

हा भेद किती खोल जातो याचा मला आलेला अनुभव सांगतो. सीमाभागातील एका मंडळाने आपल्या स्मरणिका पुन्हा छापायचे ठरवले, आणि जुन्या तबकड्या माझ्याकडे आणून दिल्या. तबकड्या शाबूत होत्या, फाइली उघडत होत्या; परंतु एकाही पानावर मराठी नव्हती. ज्या फाँटात मजकूर जुळवला होता तो फाँट आणि ते दुकान दोन्ही केव्हाच नाहीसे झाले होते. त्या पानांत गावातल्या शाळेचा इतिहास होता, गेलेल्या माणसांच्या आठवणी होत्या, सीमालढ्यात तुरुंगात गेलेल्यांची यादी होती. छापील प्रती शोधून, त्या समोर ठेवून सगळा मजकूर नव्याने टंकावा लागला. दोन स्मरणिकांची छापील प्रत मिळालीच नाही. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० याच्या चौथ्या कलमात एक अट आहे: लेखी स्वरूपाची गरज इलेक्ट्रॉनिक नोंदीने भागवायची असेल, तर ती नोंद पुढे पुन्हा संदर्भासाठी वापरता येण्याजोगी असली पाहिजे. ते कलम मी अनेकदा न्यायालयात वाचले होते. त्याचा अर्थ त्या तबकड्यांनी मला अधिक चांगला समजावला.

दिसणे सारखे आणि असणे भिन्न, असा प्रकार युनिकोडमध्येही क्वचित घडतो. माझ्या नावामागे लागणारे ‘ॲड.’ हेच पाहा. या ‘ॲ’ला स्वतंत्र क्रमांक मिळाला तो युनिकोडच्या २००८ सालच्या आवृत्तीत. त्यापूर्वी लोक ‘अ’ टंकून त्यावर अर्धचंद्र देत, आणि आजही पुष्कळ जण तसेच करतात. दोन्ही रूपे कागदावर जुळ्या भावांसारखी दिसतात. पण संगणकाच्या लेखी ती दोन निराळी माणसे आहेत. एका रूपाने शोध घेतला तर दुसऱ्या रूपात लिहिलेले नाव सापडेलच असे नाही. मतदारयादी, सभासदांची यादी, ग्रंथालयाची सूची करणाऱ्यांनी ही गोष्ट विशेष ध्यानात ठेवावी. सबंध यादीत एकच रूप वापरले म्हणजे झाले.

आता मराठीची म्हणून जी खास अक्षरे आहेत, त्यांकडे वळतो. हैदराबादेत देवनागरी म्हणजे हिंदी, असाच समज असल्यामुळे या अक्षरांवर पहिला घाव पडतो.

पहिले अक्षर ‘ऱ्’. ‘दर्या’ म्हणजे समुद्र आणि ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधल्या खोल जागा. ‘आचार्यास’ दक्षिणा द्यायची आणि ‘आचाऱ्यास’ मजुरी. हिंदीला हा भेद लागत नाही, म्हणून हिंदीच्या सवयीने टंकणारा सगळीकडे रफार देऊन मोकळा होतो. युनिकोडमध्ये हे रूप आणायचे तर साध्या ‘र’ऐवजी नुक्त्याचा ‘ऱ’ घ्यावा, त्याला हलन्त जोडावा, आणि पुढे ‘य’ किंवा ‘ह’ टंकावा. रूप आपोआप बनते. नुक्ता पाहून दचकू नये. जोडाक्षर झाले की तो दिसेनासा होतो.

दुसरे ‘ळ’. हिंदी कळफलकावर तो सहजी सापडत नाही, म्हणून ‘बाळ’चा ‘बाल’ होतो आणि ‘काळे’ हे आडनाव ‘काले’ होते. गंमत अशी की तेलुगू आणि कानडी या दोन्ही भाषांत ‘ळ’ नांदतो. दुकानातल्या मुलाला “तुमच्या तेलुगूतला ळ” एवढे म्हटले की तो चटकन ओळखतो आणि पुढच्या वेळी विसरत नाही. हा माझा अनेकदा पडताळलेला उपाय आहे.

तिसरी जोडी ‘ल’ आणि ‘श’ यांची. मराठी वळणाचा ‘ल’ दोन पाकळ्यांचा आणि ‘श’ देठाचा. हिंदी वळणाचा ‘ल’ दंडाला टेकलेला आणि ‘श’ गाठीचा. महाराष्ट्र शासनाने ६ नोव्हेंबर २००९ च्या निर्णयाने मराठी वर्णमालेचे प्रमाणीकरण केले, आणि नोव्हेंबर २०२२ मधील सुधारित निर्णयात पाकळीयुक्त ‘ल’ व देठयुक्त ‘श’ यांचा आग्रह धरला. इथे असणे एकच, म्हणजे क्रमांक एकच आहे. फरक केवळ दिसण्याचा आहे. म्हणून हा प्रश्न टंकनाने सुटत नाही, फाँटाने सुटतो. काही फाँटांत दोन्ही रूपे असतात, आणि मजकुराची भाषा ‘मराठी’ अशी निवडली की मराठी रूप आपोआप येते. संगणकात भाषा निवडण्याची चौकट असते ती याचसाठी. ती ‘हिंदी’वर ठेवून आपण आपल्याच हाताने आपले वळण सोडून देतो.

वेलांटी मागे जाण्याचा आणि जोडाक्षर फुटण्याचा दोष मात्र टंकनाचाही नसतो, फाँटाचाही नसतो. युनिकोडमध्ये ‘कि’ हा ‘क’ आणि मग वेलांटी, अशा उच्चाराच्या क्रमाने साठवला जातो. वेलांटी आधी काढून दाखवण्याचे काम आज्ञावलीने करायचे असते. फोटोशॉप केवळ इंग्रजीच्या मांडणीवर ठेवलेले असेल तर ते काम ती करीत नाही. टंकविषयक पर्यायांत जाऊन ‘वर्ल्ड-रेडी लेआउट’ किंवा जुन्या आवृत्तीत ‘मिडल ईस्टर्न अँड साउथ एशियन’ हा पर्याय निवडावा आणि फोटोशॉप बंद करून पुन्हा उघडावे. इनडिझाइनमध्ये परिच्छेदाच्या पर्यायांत ‘वर्ल्ड-रेडी कंपोझर’ निवडावा. पेजमेकरला युनिकोड कळतच नाही, आणि कोरल ड्रॉच्या जुन्या आवृत्त्यांचीही तीच गत आहे. अशा दुकानात मराठीचे पुस्तक देऊ नये. पत्रिका द्यावी लागली तर मजकूर दुसरीकडे नीट जुळवून, अक्षरे ‘कर्व्ह’ करून द्यावी. कर्व्ह केल्यावर अक्षर चित्र होते, म्हणून मूळ टंकित प्रत वेगळी जपून ठेवावी. मूळ दस्त आणि त्याची नक्कल यांत जे नाते, तेच इथे.

मांडणीबाबतही आपल्या लिपीचे काही हट्ट आहेत. तेलुगूचे प्रत्येक अक्षर सुटे उभे असते, त्यामुळे अक्षरांत मोकळी जागा सोडून शीर्षक लांबवणे तिथे शोभते. देवनागरीत तसे केले की शिरोरेषा जागोजाग तुटते आणि शब्दाचे दात पडल्यासारखे दिसतात. शीर्षक लांबवायचे असेल तर अक्षरे मोठी करावीत, विरळ करू नयेत. अक्षरांना बाहेरून किनार दिली की दोन अक्षरांच्या सांध्यावर उभ्या रेघा दिसतात. त्यावर उपाय म्हणजे कर्व्ह करून सगळी अक्षरे ‘वेल्ड’ करणे आणि मग किनार देणे. फाँटात ठळक रूप नसताना यंत्राकरवी ते जबरदस्तीने ठळक केले की पोकळ्या बुजतात, ‘घ’चा ‘ध’ होतो आणि ‘भ’चा ‘म’. ओळींमधले अंतर इंग्रजीच्या मापाने सोडले तर वरच्या ओळीचा उकार खालच्या ओळीच्या मात्रेत अडकतो. ते अंतर थोडे सढळ हाताने सोडावे.

चित्रांविषयी दोनच गोष्टी सांगतो. व्हॉट्सॲपवर आलेले १०८० ठिपके रुंदीचे चित्र पडद्यावर भरगच्च दिसते. पण चांगल्या छपाईला एका इंचात ३०० ठिपके लागतात, म्हणजे ते कागदावर जेमतेम ३.६ इंच रुंद, नऊ सेंटिमीटरच्या आसपास, नीट उतरेल. त्याहून मोठे केले की अक्षरांच्या कडा कुरतडल्यासारख्या होतात, आणि अनुस्वार पहिल्यांदा नाहीसा होतो. दुसरी गोष्ट भगव्याची. पडदा प्रकाशाने रंगतो आणि कागद शाईने. पडद्यावरचा झळझळीत केशरी रंग चार शायांच्या मिश्रणातून तसाच्या तसा उभा राहत नाही. म्हणून आरेखन प्रथमपासून छपाईच्या रंगपद्धतीत करावे, आणि छापून घेतलेला नमुना डोळ्यांखालून घालूनच पुढची मागणी द्यावी. बारीक काळा मजकूर केवळ काळ्या शाईत ठेवावा. चार शायांचा काळा जरा हलला की अक्षराला सावली पडते.

आणि चित्रातल्या मजकुराविषयी एक विनंती. सभेची सूचना, आवाहन, निवेदन हे सारे आपण हल्ली सजवलेल्या चित्रातून पाठवतो. त्या चित्रातला मजकूर शोधता येत नाही, उतरवून घेता येत नाही, आणि ज्यांना दृष्टी नाही त्यांचे वाचक-यंत्र त्याच्यापुढे मुके होते. चित्र अवश्य पाठवावे. त्याखाली तोच मजकूर युनिकोडमध्ये टंकून जोडावा.

हे सारे बारकावे सीमाभागातल्या माणसाने का सोसावेत, असे कुणी विचारील. माझे उत्तर संविधानाच्या ३५० व्या अनुच्छेदात आहे. आपल्या तक्रारीच्या निवारणासाठी संघराज्याच्या वा राज्याच्या कोणत्याही प्राधिकाऱ्याकडे तिथे वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत निवेदन करण्याचा हक्क तो प्रत्येकाला देतो. मराठीत निवेदन देणे ही कुणाची मेहेरबानी नव्हे. पण ते निवेदन ई-मेलने गेले आणि समोर इंग्रजी खिचडी उघडली, तर हक्क कागदावर राहतो आणि उत्तर येत नाही. ‘गाऱ्हाणे’ हा आपला शब्दच पाहा. ‘ऱ्ह’ नीट उमटला नाही तर ज्या शब्दाने दाद मागायची, तोच मोडका होऊन दारात उभा राहतो.

याच शहरातल्या उर्दूकडून एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. नस्तालीक वळण यंत्राला जमत नव्हते, तेव्हा उर्दूची वर्तमानपत्रे कातिबांच्या हाताने लिहिली जात. वाचकाने दुसरे वळण सहसा गोड मानून घेतले नाही. १९८१ च्या सुमारास हजारो जोडरूपे एकेक करून आखून ‘नूरी नस्तालीक’ तयार झाला, आणि यंत्राला त्या डोळ्यांपुढे नमावे लागले. वाचकाने चालवून घेतले असते तर तो कदाचित निर्माणच झाला नसता.

आपले काम त्या मानाने सोपे आहे, आणि त्यात शेजाऱ्याचा हातही मिळू शकतो. इनस्क्रिप्ट हा कळफलक सर्व भारतीय लिपींसाठी एकाच रचनेचा आहे. ज्या बोटाने तेलुगूचा ‘क’ उमटतो, त्याच बोटाने मराठीचा आणि कानडीचाही. युनिकोडमध्येसुद्धा या तिन्ही लिपींचे ‘क’ आपापल्या गटात नेमक्या एकाच क्रमाच्या घरात राहतात. इनस्क्रिप्ट येणाऱ्या तेलुगू मुलाला मराठी टंकायला शिकवण्यास एक दुपार पुरते. मी दोघांना शिकवले आहे.

तेव्हा पुढच्या वेळी छपाईच्या दुकानात जाल, तेव्हा तीन गोष्टी सांगून ठेवा: मजकूर युनिकोडमध्येच जुळवा, भाषा मराठी निवडा, आणि काम झाल्यावर कर्व्ह न केलेली मूळ फाइल मला द्या. प्रूफावर सही करण्यापूर्वी ‘ऱ्’, ‘ळ’, ‘ल’, ‘श’ ही चार अक्षरे बोट ठेवून पाहा. आणि घरात, मंडळात, शाळेच्या कपाटात जुन्या तबकड्या पडून असतील, तर त्या उघडणारे यंत्र आणि तो फाँट जिवंत आहे तोवर त्यातला मजकूर युनिकोडमध्ये उतरवून घ्या. कृतिदेवसारख्या प्रचलित फाँटांसाठी रूपांतर करून देणाऱ्या आज्ञावली उपलब्ध आहेत. दावा दाखल करण्याला जशी मुदत असते, तशी या कामालाही आहे. फरक इतकाच की ती कुठल्या कायद्यात लिहून ठेवलेली नाही.